कोपराची कळ: टेनिस एल्बो पायरी पायरीने कसा बरा करायचा

एप्रिल सुरू झाला की माझ्या फिजिओथेरपीच्या दवाखान्यात दुखरी कोपरं येऊ लागतात. आमच्या तासगाव पट्ट्यात तेव्हा द्राक्षाची खरड छाटणी, म्हणजे हंगाम संपल्यावरची छाटणी, चाललेली असते. टोळ्यांनी एकराच्या हिशोबाने काम उक्तं घेतलेलं असतं, ऊन चढायच्या आत जास्तीत जास्त ओळी उरकायच्या असतात आणि एकच हात दिवसाला हजारो वेळा कात्री दाबत असतो. आठ-दहा दिवसांनी कोपराच्या बाहेरच्या हाडाजवळ कळ यायला लागते. आधी फक्त कात्री दाबताना, मग पाण्याची बाटली उचलताना, मग दाराची कडी काढताना. माणूस माझ्याकडे येतो तोवर दोन-तीन महिने उलटून गेलेले असतात.

छाटणीवाल्यांच्या मागोमाग बाकीचे असतातच. सकाळ-संध्याकाळ हाताने धारा काढणारे, गिलाव्याची थापी चालवणारे गवंडी, जाड कापड कापणारे शिंपी, दिवसभर माऊस धरून बसणारी मुलं आणि सगळ्यात जास्त घरातल्या बायका. कपडे पिळणं, कणीक तिंबणं, नारळ खवणं, सांडशीने दुधाचं भरलेलं पातेलं उतरवणं. यातल्या एकाही कामाला कुणी ‘कष्ट’ म्हणत नाही, पण कोपराला ते सगळे कष्टच असतात.

मी हे इतकं पोटतिडकीने लिहितेय त्याला कारण माझी आई आहे. तिची खानावळ होती, रोज ऐंशी-नव्वद भाकरी थापायची. मी कॉलेजात असताना तिचा उजवा कोपर धरला. एका दवाखान्यात वर्षभरात तिला तीन इंजेक्शनं दिली. प्रत्येक वेळी दीड-दोन महिने बरं वाटायचं, मग पहिल्यापेक्षा जोरात दुखायचं. हातावर काम कसं कमी करायचं, व्यायाम कोणता करायचा, हे तिला कुणी एका शब्दानेही सांगितलं नाही. आजही तिच्या कोपरावर रुपयाएवढा पांढरा डाग आहे आणि बोट फिरवलं की तिथे खळगा लागतो. तिला तेव्हा जे सांगायला हवं होतं, ते सगळं इथे लिहिते आहे.

दुखतं नेमकं काय

हात टेबलावर ठेवा, तळवा खाली. कोपराच्या बाहेरच्या बाजूला हाडाचा एक उंचवटा लागेल. मनगट आणि बोटं वर उचलणारे स्नायू इथून निघतात. ज्या पांढऱ्या, चिवट दोरीने ते हाडाला बांधलेले असतात तिला कंडरा म्हणतात. बोलताना सगळे टेंडनच म्हणतात.

आता मूठ घट्ट आवळा आणि दुसरा हात या उंचवट्याच्या खालच्या मांसल भागावर ठेवा. स्नायू टणक झालेला जाणवेल. मूठ आवळताना बोटं वळवणारे खालचे स्नायू मनगटालाही आपल्याकडे ओढतात. मनगट खाली वळलं तर पकड ढिली पडते, म्हणून वरचे स्नायू त्याला मागे धरून ठेवतात. त्यामुळे काहीही घट्ट धरलं की या कंडरेला ताण बसतोच. चहाचा साधा कप उचलताना कळ का येते, ते यावरून कळेल. वजन कपाचं नसतंच, ताण पकडीचा असतो.

कंडरेला रक्तपुरवठा बेताचा. रोजच्या कामात तिचे सूक्ष्म धागे थोडे झिजतात आणि विश्रांतीत पुन्हा भरून येतात. झीज भरण्याच्या वेगापेक्षा जास्त झाली की धाग्यांची घडी विस्कटते, जुन्या सुंभाचे पदर सुटावेत तशी. सूक्ष्मदर्शकाखाली पाहिलं तर जुनाट दुखण्यात सूज फारशी दिसतच नाही, दिसते ती ही विस्कटलेली वीण. म्हणूनच नुसत्या सूज उतरवणाऱ्या गोळ्यांनी हे दुखणं मुळापासून जात नाही. कंडरा जिवंत असते. तिला बेताचा, नेमका, हळूहळू वाढत जाणारा ताण मिळाला तर ती धागे पुन्हा ओळीत लावते. पुढचा सगळा उपचार या एका गोष्टीवर उभा आहे.

‘टेनिस एल्बो’ या नावाने फसू नका. १८७३ साली रुंगे या जर्मन डॉक्टरने हे दुखणं पहिल्यांदा नोंदवलं ते सतत लिहिणाऱ्यांच्या हातांबद्दल बोलताना. टेनिसचं नाव त्याला १८८२ नंतर चिकटलं. आपल्याकडे ते घरोघरी पोहोचलं सचिन तेंडुलकरमुळे. २००४ मध्ये त्याच्या डाव्या कोपराने दगा दिला, २००५ च्या मे महिन्यात लंडनला शस्त्रक्रिया झाली आणि ऑक्टोबरमध्ये नागपूरला श्रीलंकेविरुद्ध तो परतला, तेव्हा त्याने ९३ धावा काढल्या. त्याच्या दिमतीला जगातले उत्तम डॉक्टर होते, तरी मैदानावर यायला काही महिने लागलेच. माझ्याकडे येणारा प्रत्येक जण ‘पंधरा दिवसांत बरं करा’ म्हणतो, त्यांना मी हे आवर्जून सांगते.

पहिली पायरी: दुखणं हेच आहे ना, ते पाहा

टेनिस एल्बो ओळखायला बहुतेक वेळा एक्स-रे किंवा एमआरआय लागत नाही. बाहेरच्या उंचवट्यावर किंवा त्याच्या बोटभर पुढे दाबलं तर नेमक्या जागी दुखतं. मग हात सरळ करून तळवा खाली ठेवा, मूठ वळून मनगट वर उचला आणि दुसऱ्या हाताने ते खाली दाबायचा प्रयत्न करा. त्याच जागी कळ आली तर बहुधा हेच आहे. मधलं बोट वर उचलून त्यावर दाब दिला तरी अशीच कळ येते. घरगुती तिसरी परीक्षा म्हणजे प्लॅस्टिकची हलकी खुर्ची हात सरळ ठेवून, तळवा खाली करून पाठीला धरून उचलणं. तीच खुर्ची तळवा वर करून उचलली की दुखणं कमी होतं.

दुखणं कोपराच्या आतल्या बाजूला, छातीकडच्या उंचवट्यावर असेल तर तो गोल्फर्स एल्बो. त्याचे नियम हेच, फक्त व्यायामात तळवा वर ठेवायचा.

काही लक्षणं मात्र घरी बसून सोसायची नाहीत. करंगळी आणि तिच्या शेजारच्या बोटाला मुंग्या येत असतील तर नस दबलेली असू शकते. मान वळवली की कळ हातात उतरत असेल तर मूळ मानेत आहे. पडल्यावर किंवा ‘कट्’ असा आवाज होऊन अचानक दुखलं असेल, कोपर लाल, गरम, सुजलेला असेल, ताप असेल, हात सरळच होत नसेल, तर त्याच दिवशी अस्थिरोगतज्ज्ञाकडे जा. सकाळी उठल्यावर दोन्ही हातांचे सांधे तासभर आखडलेले राहत असतील तर संधिवाताची तपासणी करून घ्या. आणि हाताच्या दुखण्याबरोबर छातीत दडपण, घाम, धाप असं काही असेल तर कोपराचा विचार सोडून थेट हॉस्पिटल गाठा.

मधुमेह असेल तर साखर आटोक्यात आहे का ते बघा, कारण वाढलेल्या साखरेत कंडरा सावकाश भरते. विडी-सिगारेट ओढणाऱ्यांतही हे दुखणं जास्त आढळतं. नुकताच सिप्रोफ्लोक्सासिन किंवा लेव्होफ्लोक्सासिन या अँटिबायोटिकचा कोर्स झाला असेल तर डॉक्टरांना सांगा, ही औषधं कंडरांना बाधू शकतात.

दुसरी पायरी: काम थांबवू नका, बदला

‘हाताला महिनाभर पूर्ण विश्रांती द्या’ हा सल्ला मी देत नाही. एक तर तो कुणाला परवडत नाही. रोजावर जाणाऱ्या माणसाने महिनाभर खायचं काय? आणि दुसरं, झोळीत ठेवलेल्या हाताची कंडरा आणखी दुबळी होते. मग काम पुन्हा सुरू केलं की पहिल्याच आठवड्यात दुखणं परत येतं. त्याऐवजी दोन-तीन आठवडे ताण साधारण निम्म्यावर आणायचा.

सगळ्यात मोठा फरक एका सवयीने पडतो: वस्तू उचलताना तळवा वर किंवा अंगठा वर, आणि कोपर अंगाजवळ. पिशवी, बादली, कुकर, लॅपटॉप, सगळं याच नियमाने. हात लांब करून, तळवा खाली ठेवून वरच्या फळीवरचा डबा काढणं हे कोपराला सगळ्यात वाईट. तो डबा खाली आणून ठेवा.

स्वयंपाकघरात सांडशी पहिली बाजूला करा. एका हाताच्या पकडीवर गरम, भरलेलं, जड पातेलं तोललं जातं. कोपराला यापेक्षा कठीण परीक्षा नाही. दोन कानांची भांडी वापरा आणि दोन फडक्यांनी दोन्ही हातांनी उतरवा. कणीक थोडी सैल भिजवून अर्धा तास झाकून ठेवली तर मळायला निम्मा जोर पुरतो. नारळ महिनाभर दुसऱ्या कुणाला खवू दे. भाकरी थापण्यात थापण्यापेक्षा पीठ मळण्याचा जोर जास्त लागतो, म्हणून एका वेळी एकाच भाकरीचं पीठ मळा. कपडे पिळू नका. नळावर किंवा दांडीवर टाकून पाणी निथळू द्या, किंवा टॉवेलमध्ये गुंडाळून वरून दाबा. फरशी पुसायचं फडकं पिळणं हे तर माझ्याकडच्या निम्म्या बायकांच्या दुखण्याचं मूळ निघतं. घरच्यांनी हे काम दोन महिने वाटून घेतलं तर माझे अर्धे उपचार तिथेच होतात. हे मी नवऱ्यांना आणि मुलांना समोर बसवून सांगते.

छाटणीच्या कात्रीला रोज धार हवी. बोथट कात्रीला जोर जास्त लागतो आणि तो सगळा जोर कोपर भरतो. स्प्रिंग घट्ट असेल तर तेल द्या, गंजली असेल तर बदला. कात्री पूर्ण उघडल्यावर बोटं ताणावी लागत असतील तर ती तुमच्या हातापेक्षा मोठी आहे. जाड काडी पात्याच्या टोकाशी धरू नका, आत मुळाशी धरा, निम्म्या जोरात तुटते. वीस-पंचवीस मिनिटांनी एक मिनिट कात्री खाली ठेवून बोटं मोकळी करा. टोळीत असाल तर तासभर छाटणी, मग काही वेळ काड्या गोळा करणं अशी अदलाबदल मुकादमाशी बोलून ठरवा. दिवसाअखेर ओळी फारशा कमी भरत नाहीत, हे करून पाहिलेल्या मुकादमांनीच मला सांगितलंय.

हातोडी, थापी, खुरपं यांची मूठ बारीक असेल तर तिच्यावर सायकलच्या जुन्या ट्यूबची पट्टी गुंडाळा. मूठ थोडी जाड आणि खरबरीत झाली की कमी आवळावी लागते. धारा काढणाऱ्यांनी दोन जनावरांच्या मध्ये हात बदलावा. अंगठा मुडपून सड ओढण्याऐवजी पूर्ण मुठीने धार काढावी. जनावरालाही तेच सोसतं. माऊसवाल्यांनी कोपर टेबलावर टेकवावा, मनगट हवेत वर वाकवून ठेवू नये आणि माऊस कीबोर्डला लागून ठेवावा. मोटारसायकलचा क्लच जड झाला असेल तर केबल बदलून घ्या. खर्च किरकोळ आहे, हाताला आराम मोठा.

तिसरी पायरी: कळ शांत करणं

हे तात्पुरतं काम आहे, यात फार अडकू नका. डायक्लोफिनॅकचा जेल दिवसातून तीन वेळा, दोन आठवडे हलक्या हाताने लावला तर बऱ्याच जणांना उतार पडतो. लावल्यावर हात धुवा आणि त्यावर गरम शेक घेऊ नका. फार ठणकत असेल तेव्हा बर्फ फडक्यात गुंडाळून दहा मिनिटं. व्यायामाआधी हात आखडलेला वाटला तर कोमट शेक. पोटात घ्यायच्या वेदनाशामक गोळ्या डॉक्टरांना विचारूनच. रक्तदाब, किडनी, हृदयाचा त्रास, पित्ताचा अल्सर किंवा गरोदरपण असेल तर मेडिकलमधून परस्पर गोळी घेऊन गिळू नका.

टेनिस एल्बोचा पट्टा कामाच्या वेळी उपयोगी पडतो, पण दहातले आठ जण तो चुकीच्या जागी बांधून येतात. दुखऱ्या हाडावर पट्टा बांधायचा नाही. उंचवट्यापासून मनगटाच्या दिशेने दोन बोटं मोजा, त्या मांसल भागावर गादी आली पाहिजे. मूठ आवळून बांधा, सैल सोडल्यावर खाली एक बोट सरकेल इतपत. हाताला मुंग्या आल्या तर ढिला करा. घरी आलात की काढा, झोपताना तर नकोच. कोपरावर चढवायचं नुसतं लवचीक मोजं ऊब देतं, पट्ट्याचं काम करत नाही.

दुखऱ्या हाडावर जोराने चोळून घेऊ नका. ‘शीर सरकलीय, बसवून देतो’ म्हणून झटका देणाऱ्याकडे जाऊ नका. बिब्बा लावू नका. बिब्ब्याने भाजलेली कातडी घेऊन आलेले हात मी पाहिलेत. कंडरेचं दुखणं तसंच आणि वर जखम. कोपराखालच्या मांसल भागाला तेलाने हलका हात फिरवून घ्यायला मात्र हरकत नाही.

चौथी पायरी: व्यायाम, इथे घाई नाही

आधी दुखण्याचं माप ठरवू. शून्य म्हणजे अजिबात नाही, दहा म्हणजे सोसवत नाही. व्यायाम करताना तीन-चारपर्यंत दुखलं तर चालेल, कंडरेला काही इजा होत नाही. खरी परीक्षा दुसऱ्या दिवशी सकाळी. चहाचा कप उचलताना कालच्याइतकंच किंवा कमी दुखलं तर व्यायाम बरोबर होता. जास्त दुखलं तर वजन किंवा संख्या कमी करायची, बंद करायचं नाही. हे कपाचं माप रोज कॅलेंडरवर एका आकड्यात लिहून ठेवा. तीन आठवड्यांनी मागे वळून पाहिलं की धीर येतो, कारण रोजच्या रोज फरक जाणवत नाही.

पहिले एक-दोन आठवडे व्यायामात हात हलवायचाच नाही, फक्त जोर लावायचा. खुर्चीत बसा, कोपर काटकोनात, हात टेबलावर, तळवा खाली, मनगट किंचित वर. दुसऱ्या हाताचा तळवा त्या हाताच्या पाठीवर ठेवून खाली दाबा आणि दुखऱ्या हाताने तो दाब तसाच तोलून धरा. हात जराही हलता कामा नये. पूर्ण ताकदीच्या साधारण निम्म्या जोराने तीस ते पंचेचाळीस सेकंद. मग मिनिटभर थांबा. असं पाच वेळा, दिवसातून दोनदा. बऱ्याच जणांची कळ यानंतर काही वेळ कमीही होते. श्वास रोखू नका.

हे सोपं झालं की दुसरा टप्पा, आणि माझ्या मते सगळ्या उपचारातला गाभा हाच. हात टेबलावर, मनगट कडेबाहेर, तळवा खाली. हातात कापडी पिशवीचे बंद धरा आणि पिशवीत मापून पाव किलो गहू किंवा तांदूळ घाला. वाढवायला सोपं आणि घरात असतंच. सुरुवातीला दुसऱ्या हाताने पिशवीचा हात वर उचलून द्या, मग दुखऱ्या हाताने एकट्याने, मनात एक ते चार मोजत, सावकाश खाली सोडा. हे सावकाश सोडणंच कंडरेला हवं असतं. झटक्यात पडू दिलं तर व्यायाम वाया गेला. दहा वेळा, मिनिट-दोन मिनिटं थांबून पुन्हा दहा, आणि पुन्हा दहा. दिवसाआड करा, मधल्या दिवशी कंडरा भरून येते.

आठवडाभराने वर उचलणंही त्याच हाताने: तीन मोजत वर, चार मोजत खाली. तीन वेळा पंधरा-पंधरा आरामात व्हायला लागले, आणि सलग दोन वेळा सकाळचा कप दुखला नाही, की पिशवीत शंभर-दीडशे ग्रॅम वाढवा. घाईत अर्धा किलो वाढवलेले लोक पुढच्याच आठवड्यात माझ्यासमोर बसलेले असतात. दोन-अडीच महिन्यांत बहुतेक बायका दीड किलोपर्यंत आणि पुरुष दोन-अडीच किलोपर्यंत जातात. त्यानंतर हेच कोपर सरळ ठेवून, अर्ध्या वजनाने पुन्हा सुरू करायचं, कारण कामात हात सरळच असतो.

याच्या जोडीला मनगट फिरवण्याचा व्यायाम. हात टेबलावर, अंगठा वर, मुठीत हातोडी. सुरुवातीला हातोडीच्या डोक्याजवळ धरा. तळवा हळूहळू वर, मग हळूहळू खाली, दहा वेळा. जमेल तशी पकड दांड्याच्या टोकाकडे न्या, वजन आपोआप वाढतं. आणि पाचही बोटांभोवती रबरबँड घालून बोटं फाकवा, वीस वेळा. हे टीव्ही बघतानाही होतं.

खांद्याकडे बहुतेकांचं लक्ष जात नाही. खांदा आणि पाठीचा वरचा भाग दुबळा असला की सगळा भार मनगटावर येतो. सायकलची जुनी ट्यूब खिडकीच्या गजाला बांधा, दोन्ही टोकं हातात घ्या आणि कोपर अंगाला घासत मागे ओढा, पाठीची पाती जवळ आणत. बारा वेळा, दोनदा. आईला मी हा व्यायाम शिकवला तेव्हा ती म्हणाली, “दुखतंय कोपर आणि तू पाठ कसली बघतेस गं?” तीन आठवड्यांनी तिनेच सांगितलं, आता पीठ मळताना जोर पाठीतून येतो.

ताण देण्याचा व्यायाम शेवटी आणि हळुवार: हात समोर सरळ, तळवा खाली, दुसऱ्या हाताने बोटं खाली आणि आपल्याकडे वळवा, तीस सेकंद, तीन वेळा. ओढ जाणवली पाहिजे, कळ नाही. फार ठणकत असेल त्या आठवड्यात हा सोडून द्या.

दोन महिन्यांनी, रोजची कामं बिनदुखी व्हायला लागली की पकडीचा सराव. बादलीत पाच लिटर पाणी घ्या, हात सरळ, मनगट ताठ, अर्धा मिनिट उभे राहा. आठवड्याला लिटरभर वाढवा. बादलीची कडी बारीक असेल तर फडकं गुंडाळा.

किती दिवस लागतील

खरं तेच सांगते. नीट व्यायाम केला तर सहा आठवड्यांत फरक, तीन महिन्यांत बहुतेक कामं, आणि पूर्ण बरं व्हायला सहा महिने ते वर्ष. वर्षभरात दहातले आठ-नऊ जण बरे होतात. मध्ये एखादा आठवडा दुखणं उसळून येतंच: लग्नघरचा स्वयंपाक, दिवाळीची साफसफाई, सोसायटीची पाण्याची टाकी. तेव्हा पहिल्या टप्प्यावर, म्हणजे न हलता जोर लावण्यावर, तीन-चार दिवस परत या आणि मग अलीकडच्या वजनाच्या निम्म्यापासून चढा. सगळं वाया गेलं असं समजून सोडून देतात ते लोक खऱ्या अर्थाने मागे पडतात.

इंजेक्शन, पीआरपी आणि शस्त्रक्रिया

स्टिरॉइडचं इंजेक्शन हा इथला सगळ्यात मोठा मोह. पाच-सहा आठवडे जादू केल्यासारखं वाटतं, यात खोटं नाही. पण २०१३ साली ऑस्ट्रेलियात ब्रिस्बेनला १६५ रुग्णांवर झालेल्या अभ्यासात स्टिरॉइड घेतलेल्यांपैकी ५४ टक्के लोकांचं दुखणं वर्षभरात उलटलं. औषध नसलेलं नुसतं पाणी टोचलेल्यांत हे प्रमाण १२ टक्के होतं. वर्षाअखेर पूर्ण बरे झालेलेही स्टिरॉइडवाल्यांत कमीच भरले. वारंवार टोचलं तर कंडरा अशक्त होते, कातडीचा रंग जातो, खालची चरबी झिजते. आईच्या कोपरावरचा तो डाग आणि खळगा याचाच. डॉक्टरांनी सुचवलं तर भांडू नका, पण दोन प्रश्न जरूर विचारा: व्यायाम तीन महिने करून पाहिला तर चालेल का, आणि हे पुन्हा उलटलं तर पुढे काय?

पीआरपी, म्हणजे स्वतःच्याच रक्तातून काढून टोचायचा प्लेटलेट पेशींचा दाट द्रव, बरंच महाग असतं. २०२१ साली कॉक्रेन या वैद्यकीय अभ्यासांची छाननी करणाऱ्या संस्थेने बत्तीस अभ्यास एकत्र तपासले, तेव्हा त्यातून दुखण्यात मोलाचा फायदा दिसला नाही. त्यासाठी कर्ज काढू नका, दागिना मोडू नका. असं करून आलेली माणसं माझ्यासमोर बसली आहेत म्हणून लिहिते. अल्ट्रासाउंड, लेझर, शॉकवेव्ह या मशिनांनी कुणाकुणाला उतार पडतो, पण व्यायाम न करता फक्त मशीन लावून घ्यायला रोज येणाऱ्याला मी परत पाठवते.

शस्त्रक्रिया शेवटी, आणि फार थोड्यांना. सहा महिने ते वर्षभर मनापासून व्यायाम करूनही पातेलं उचलता येत नसेल, तर अस्थिरोगतज्ज्ञ खराब झालेला भाग काढतात. त्यानंतरही हेच व्यायाम पुन्हा पहिल्यापासून करावे लागतात.

कामावर परतताना

ऑक्टोबरची गोडी छाटणी, म्हणजे फळ धरण्यासाठीची छाटणी, करायची असेल तर ऑगस्टच्या मध्यापासूनच पिशवी आणि ट्यूब सुरू करा, दुखत नसलं तरी. हात बरा आहे म्हणून पहिल्याच दिवशी पूर्ण पाळी घेऊ नका. पहिले तीन दिवस सकाळचे दोन तास, मग आठवडाभर अर्धा दिवस, मग पूर्ण. खानावळीचं काम असेल तर पहिल्या आठवड्यात वीस भाकरी, दुसऱ्यात पस्तीस, असं वाढवत न्या. मधल्या काळात शेजारच्या बाईला मदतीला घेतलं तर तिचे पैसे औषधाच्या खर्चापेक्षा कमीच भरतात. पट्टा पहिले महिनाभर कामाच्या वेळी बांधा, मग दिवसाआड, मग सोडा. आणि पिशवीचा व्यायाम आठवड्यातून दोनदा छाटणी संपेपर्यंत चालू ठेवा, आदल्या रात्रीच कात्रीला धार लावून.